मिलीग्रॅमचं अपील

बाजारात त्याला कोणी खऱ्या नावाने हाक मारली असती तर त्याने स्वतःच वळून पाहिलं नसतं. सगळे त्याला मिलीग्रॅम म्हणत. तो तराजू दुरुस्त करायचा. किराणावाल्यांचे, भाजीवाल्यांचे, सोनारांचे, औषधवाल्यांचे. आणि तराजूसोबत येणारी लोखंडी वजनंही. वजन झिजलं की त्याच्या बुडाच्या खड्ड्यात शिसं भरायचं, जास्त भरलं गेलं तर कानशीने घासायचं, मग अस्सल वजनाशी ताडून बघायचं, की झालं. ऐकायला हे सोपं वाटतं. मिलीग्रॅमसमोर असं कोणी बोललं तर मात्र तो त्या माणसाशी आठवडाभर बोलत नसे.

त्याचं दुकान म्हणजे दोन इमारतींच्या मधे उरलेली फट होती. आत एक टेबल, एक स्टूल, भिंतीवर हुकांना लटकलेली पारडी, आणि काचेच्या फ्रेममध्ये खात्याचा परवाना. पंखा नव्हता. उन्हाळ्यात अंगाची लाही लाही झाली तरी पंखा नाही, कारण वाऱ्याने पारडं हलतं. गिऱ्हाईकाने टेबलाला टेकायचं नाही, वजन चालू असताना बोलायचं नाही, आणि शिंक आलीच तर रस्त्यावर जाऊन शिंकून यायचं, असे तिथले कायदे होते. लोक हे सगळं निमूटपणे सोसत, कारण मिलीग्रॅमने हात लावलेला काटा दहा वर्षं कुरकुरत नसे.

घरी तो असह्य होता. वाढदिवसाला केक कापायची सुरी कोणी त्याच्या हातात देत नसे. एकदा दिली होती. त्याने बारा माणसांचे बारा तुकडे असे मोजूनमापून सारखे केले की पोरं रडकुंडीला आली आणि ज्याचा वाढदिवस होता तो झोपून गेला. त्याची बायको बाळंतपणाच्या वॉर्डात नर्स होती. त्यांची ओळखच मुळी भांडणातून झालेली. तो वॉर्डातला बाळांचा काटा दुरुस्त करायला गेला आणि जाताजाता त्याने तिला सुनावलं, "तुम्ही बाळाला दुपट्यासकट मोजता. या वॉर्डात जन्मलेलं एकेक मूल कागदावर पाव किलोने लठ्ठ आहे." तिने त्याला बाहेरचा रस्ता दाखवला, पण दुसऱ्या दिवसापासून दुपटं काढून मोजायला लागली. अशा माणसाशी लग्न करण्याचा निर्णय तिने शुद्धीत घेतला होता का, असं तिला पुढे बऱ्याच जणांनी विचारलं.

तर अशा या माणसाला एके दिवशी वजनमापे खात्याचा आदेश आला. दोन पानांचा. त्यात लिहिलं होतं की निरीक्षकांनी त्याच्या दुकानातून तपासणीसाठी नेलेली, त्याने नुकतीच दुरुस्त केलेली एक-एक किलोची सहा वजनं कार्यालयातल्या तराजूवर ताडली असता सहाही वजनं प्रत्येकी दोन ग्रॅमने कमी भरली. सबब परवाना रद्द. सबब यापुढे कोणत्याही तराजूला वा वजनाला दुरुस्तीसाठी हात लावल्यास गुन्हा समजण्यात येईल. खाली साहेबांची सही होती. साहेबांनी ती वाचून केली की न वाचता, हे साहेबांनाच ठाऊक.

मिलीग्रॅमने आदेश तीनदा वाचला. परवाना गेल्याचं त्याला अजून नीट समजलंच नव्हतं. तो अडकला होता दोन ग्रॅमवर. त्याच्या हातून दोन ग्रॅम! दोन ग्रॅम म्हणजे त्याच्या लेखी दिवसाढवळ्या दरोडा होता. आणि बाजाराच्या लेखीही तसंच झालं. समोरचा किराणावाला, वीस वर्षांचा दोस्त, मान खाली घालून आला आणि स्वतःची वजनं उचलून घेऊन गेला. तो वाईट माणूस नव्हता. पण त्याच्या दुकानात बायका म्हणायला लागल्या होत्या, "मिलीग्रॅमची वजनं ना तुमच्याकडे? मग मूठभर वर घाला." हे किराणावाल्याने सांगितलं नाही, त्याच्या बायकोने मिलीग्रॅमच्या बायकोला सांगितलं, म्हणजे ते सगळ्यांना कळलंच.

त्या दिवसापासून मिलीग्रॅमचं जेवण तुटलं. परवाना गेला तर तो कुठेतरी पहारेकरी म्हणून उभा राहिला असता, बायकोचा पगार होता, घर चाललं असतं. पण त्याच्या मागे लोक त्याला मापात पाप करणारा म्हणणार, हे त्याला मरणाहून वाईट वाटत होतं. आणि तसं तो दिवसातून चार वेळा बोलून दाखवत होता.

"मी सरळ कोर्टात जाणार," त्याने जाहीर केलं.

बायकोची भाची वकील होती. नवी होती, पण हुशार. तिचं ऑफिस एका झेरॉक्सच्या दुकानाच्या माळ्यावर होतं. खालून यंत्राची घरघर आणि शाईचा वास वर यायचा. तिने आदेश वाचला आणि शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं.

"काका, हे वाचलंत का? या आदेशाविरुद्ध तीस दिवसांत वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येईल."

"वरचा अधिकारी कोणाचा? त्याच खात्याचा ना?"

"हो."

"मग चोराचं अपील चोराच्या थोरल्या भावाकडे करू? मला जज हवा. कोट घातलेला."

"अहो, जज पहिला प्रश्न हाच विचारणार, की अपील केलंत का? कोर्टाचं म्हणणं असतं, कायद्याने तुम्हाला दार दिलंय ना, आधी ते वाजवा. ते उघडलं नाही, किंवा उघडून तोंडावर आपटलं, तर मग आमच्याकडे या."

"आणि माझं म्हणणं मी आधीच त्या लोकांना सांगून टाकू? माझ्याकडे हुकमाचं पान आहे. ते मी जजसमोरच काढणार."

हुकमाचं पान काय, ते त्याने तिलाही सांगितलं नाही. तिने कपाळाला हात लावला. तिच्या मावशीने, म्हणजे मिलीग्रॅमच्या बायकोने, नुसता खांदा उडवला. पस्तीस वर्षांचा अनुभव तिच्या गाठीशी होता. शेवटी भाचीने हरून कोर्टात अर्ज टाकला, आणि त्यात खटपट करून एक मुद्दा घातला की परवाना रद्द करण्याआधी खात्याने काकांना नोटीस दिली नाही, म्हणणं ऐकून घेतलं नाही, म्हणून अपिलाची अट बाजूला ठेवावी. कधीकधी कोर्ट असं ऐकतं, ती म्हणाली. कधीकधी.

कोर्टाच्या तारखेला मिलीग्रॅमने ठेवणीतला शर्ट घातला. आदल्या दिवशी दाढी करताना आरशासमोर भाषणाची तालीम केली होती. कोर्टात सकाळपासून दुपारपर्यंत बाकावर बसून त्याची पाठ धरली. मग त्याचं प्रकरण पुकारलं गेलं आणि चार मिनिटांत संपलं.

"अपील केलं का?" न्यायाधीशांनी कागदावरून नजर न काढता विचारलं.

भाची म्हणाली, "साहेब, ऐकून न घेताच आदेश दिलाय—"

"हे त्या अपील अधिकाऱ्याला सांगा की. त्यांनाही कान आहेत. मुदत उरलीय?"

"नऊ दिवस, साहेब."

"मग इथे वेळ कशाला घालवताय? अर्ज मागे घ्या, अपील करा. तिथे न्याय मिळाला नाही तर दार उघडं आहे. पुढचं."

मिलीग्रॅम उठून उभा राहिला होता आणि त्याचं तोंडही उघडलं होतं. भाचीने त्याला दंडाला धरून बाहेर नेलं. एकवीस दिवस पाण्यात गेले होते आणि हुकमाचं पान अजून खिशातच होतं.

बाहेर जिन्यात तो फुगून बसला. भाची त्याच्या शेजारी पायरीवर बसली, काळा कोट सांभाळत.

"आता सांगा. काय आहे तुमचं ते पान?"

"नाही सांगणार. परत इथेच येऊ तेव्हा सांगेन."

"काका, नीट ऐका. जे तुम्ही अपिलात बोलणार नाही, ते उद्या इथे येऊन पहिल्यांदा बोललात तर जज म्हणेल, हे तिथे का नाही सांगितलं? तिथली फाईल इथे येते. त्या फाईलमध्ये जे नाही, ते जगात नाही. पान राखून ठेवाल तर ते तुमच्याकडेच राहील, म्हातारपणी बघत बसायला."

हे मात्र त्याला पटलं. फाईलमध्ये नाही ते जगात नाही, हा नियम त्याला कठोर पण नेमका वाटला. नेमक्या गोष्टींपुढे तो नेहमीच नरम पडायचा.

"सहाही वजनं दोन ग्रॅमने कमी," तो म्हणाला. "सहाही. एक दीडने, एक अडीचने, एक पाऊण ग्रॅमने जास्त, असं काही नाही. बरोबर दोन. अगं, चुका म्हणजे एका घरातली पोरं. सहा असली तर सहा तऱ्हेची निघतात. सहाच्या सहा एका साच्यातली निघाली, तर दोष पोरांत नाही. दोष त्यांच्या काट्यात आहे."

भाचीने पेन काढलं. "आणि हे तुम्ही एकवीस दिवस पोटात ठेवलंत?"

अपील लिहिलं गेलं. नऊ मुद्दे झाले. पहिला मुद्दा काट्याचा, तो मिलीग्रॅमने स्वतः सांगून लिहवून घेतला. नोटीस न दिल्याचा मुद्दा भाचीने सातवा टाकला. "तो कशाला? भरतीचा वाटतो," मिलीग्रॅम म्हणाला. तिने तो तसाच ठेवला.

मग आवक-जावकची खिडकी. तिथला कारकून सभ्य होता आणि कोणालाही नाही म्हणत नसे. तो फक्त आणखी एक कागद मागायचा. पहिल्या दिवशी तीन प्रती हव्या होत्या, दोनच होत्या. दुसऱ्या दिवशी आदेशाची प्रमाणित प्रत हवी होती. मिलीग्रॅमने मूळ आदेश दाखवला, साहेबांच्या ओल्या सहीचा. कारकून म्हणाला, मूळ चालत नाही, प्रमाणित हवी. "म्हणजे खऱ्यापेक्षा खऱ्याची नक्कल खरी?" मिलीग्रॅमने विचारलं. कारकुनाने विचार करून सांगितलं, "हो." प्रमाणित प्रत शेजारच्याच खिडकीत मिळत होती, पण ती खिडकी एक दिवसाआड उघडायची. सातव्या दिवशी अपिलावर शिक्का बसला. मिलीग्रॅमने पोचपावती उजेडात धरून शिक्क्यावरची तारीख वाचली, बायकोला वाचायला लावली, आणि मगच खिडकी सोडली.

पुढे दोन महिने काही घडलं नाही. तो काळ घरच्यांनी कसा काढला ते त्यांनाच माहीत. दुकान बंद, हात रिकामे. भाजीवाल्याकडे उभा राहिला की त्याची नजर काट्यावर जायची, हात शिवशिवायचे, आणि बायको त्याला बाहीला धरून पुढे ओढायची. आदेशात लिहिलं होतं ना, हात लावाल तर गुन्हा. तिने त्याच्या खिशातला छोटा स्क्रूड्रायव्हरही काढून घेतला होता.

मग सुनावणीची तारीख लागली. वरच्या अधिकारी एक मॅडम होत्या. त्यांनी अपील वाचलं होतं असं दिसत होतं, कारण पत्रात हुकूम होता की कार्यालयातला तो तराजू आणि ती सहा सीलबंद वजनं सुनावणीला हजर ठेवावीत. मिलीग्रॅम हरखला. तराजूला समन्स निघालं होतं!

सुनावणीच्या दिवशी तो, बायको आणि भाची वेळेआधीच पोचले. बायको रात्रपाळी करून तशीच आली होती. त्याला एकट्याला भाचीच्या ताब्यात देणं तिला धोक्याचं वाटत होतं. खोली लांबट होती. एका टोकाला मॅडमचं टेबल, भिंतीला लागून फायलींची कपाटं, मधे एक मोठं टेबल. त्या टेबलावर तराजू मांडून ठेवला होता, शेजारी मेणकापडाच्या पिशवीत वजनं. मॅडम मीटिंगमध्ये होत्या, निरीक्षक अजून यायचा होता. कारकून म्हणाला, "बसा, चहा सांगून येतो," आणि गेला. भाचीला फोन आला म्हणून ती व्हरांड्यात गेली. बायकोने बाकावर टेकून डोळे मिटले.

मिलीग्रॅमने दुरूनच तराजूकडे पाहिलं. रिकामी पारडी, आणि काटा मधे नव्हता. उजवीकडे झुकला होता. चांगलाच.

त्याच्या धंद्यातला पहिला धडा हाच: आधी रिकामा काटा बघायचा. पारड्यात काही टाकण्याआधी. निरीक्षकाने तो बघितलाच नव्हता. घाईत एका पारड्यात सरकारी वजन ठेवलं, दुसऱ्यात याची सहा एकामागून एक, आणि लिहून मोकळा झाला. मिलीग्रॅमला आनंदाने ओरडावंसं वाटलं. खरं तर त्याने फक्त बसून राहायचं होतं. मॅडम येणार, काटा बघणार, प्रकरण निकाली. शेंबड्या पोरालाही हे जमलं असतं.

पण तो उठला. नुसतं बघायला. वाकून उजव्या पारड्याच्या खालून पाहिलं, तर बुडाला लाल लाखेचा एक गोळा चिकटलेला, मोठ्या चिंचोक्याएवढा. याच टेबलावर ते पाकिटांना लाखेची सीलं लावत असणार. कधीतरी एक थेंब सांडला, त्यावर पारडं टेकलं, चिकटला. म्हणजे जिथे सरकारी वजन ठेवतात ते पारडं आधीच जड होतं, आणि समोर सत्य हरिश्चंद्राचं वजन ठेवलं असतं तरी ते कमीच भरलं असतं. मिलीग्रॅमने फक्त बोटाने चाचपून पाहिलं. मग नखाने जरा. मग त्याचं नख काय करतंय हे त्याला कळायच्या आत लाख टक्कन सुटून तळहातात पडली होती, शर्टाच्या टोकाने पारडं पुसून झालं होतं, आणि काटा डुलत डुलत मधोमध येऊन थांबला होता.

तीन महिन्यांत पहिल्यांदा त्याला बरं वाटलं. इतकं बरं वाटलं की डोळे भरून आले.

"काय केलंत?" मागून बायकोचा आवाज आला. ती जागी होती.

त्याने तळहात उघडून दाखवला. मग दोघांनी काट्याकडे पाहिलं, मग एकमेकांकडे. तराजू निर्दोष झाला होता. त्याचा पुरावा त्याने स्वतःच्या हाताने पुसून टाकला होता.

"लावा परत," बायको दबक्या आवाजात म्हणाली. "थुंकी लावा, काहीही करा. कोणी आलं नाहीये अजून."

"काटा बिघडवू?"

"होता तसा करा म्हणतेय मी!"

"मी जन्मात एक काटा बिघडवलेला नाही," तो म्हणाला, आणि लाख खिशात टाकून बाकावर जाऊन बसला. बायकोला त्याला तिथेच बदडावंसं वाटलं, पण तेवढ्यात मॅडम आत आल्या, मागोमाग निरीक्षक, भाची आणि चहा.

सुनावणी सुरू झाली. भाचीने पहिला मुद्दा मोठ्या ऐटीत मांडला: सहा चुका सारख्या, म्हणजे चूक तराजूची. मॅडमनी मान डोलावली आणि उठून स्वतः तराजूपाशी गेल्या. काटा मधोमध होता. निरीक्षकाने छाती फुगवली.

"बघा मॅडम. तराजू शंभर टक्के ठीक आहे."

भाचीने काकांकडे पाहिलं. काका जमिनीकडे बघत होते. मॅडमना काहीतरी खटकलं असावं, कारण त्या म्हणाल्या, "ठीक आहे ना? मग आता ती सहा वजनंही माझ्यासमोर करा."

पिशवीचं सील तपासलं; शाबूत होतं. निरीक्षकाने पहिलं वजन ठेवलं. काटा मधे. दुसरं. मधे. सहाव्यापर्यंत निरीक्षकाचा चेहरा पडला होता. मॅडमनी चष्मा काढला.

"ही वजनं तुमच्या कपाटात बसून दोन-दोन ग्रॅमने सुटली का हो? आम्ही सगळे सुटतो इथे बसून, पण लोखंड?"

निरीक्षक म्हणाला, "मॅडम, कोणीतरी काहीतरी केलंय."

"कोणी?"

मिलीग्रॅमला कळत होतं की गप्प राहिलं तर सगळं आपोआप आपल्या बाजूने पडतंय. आणि हेही कळत होतं की त्याच्या खिशात जे आहे ते काढलं तर तो परवाना नसताना तराजू दुरुस्त केल्याचा गुन्हा कबूल करतोय, तोही सरकारी तराजू, तोही खात्याच्या कार्यालयात. पण तराजू असा आपसूक बरा झाला म्हणून लोकांनी समजावं, हे काही त्याला सहन होईना.

"मी," तो म्हणाला, आणि लाख काढून टेबलावर ठेवली. "उजव्या पारड्याच्या बुडाला होती. काढली. राहवलं नाही."

मॅडमनी ती लाख एका पारड्यात ठेवली आणि दुसऱ्यात चिमट्याने दोन ग्रॅमचं वजन. काटा जरासा डुलला आणि मधे थांबला. मग निरीक्षक एकदम बोलायला लागला, "मॅडम, याने आदेशाचा भंग केलाय, हा दुसरा गुन्हा आहे, हे रेकॉर्डवर घ्या." मॅडमनी त्याला हाताने गप्प केलं. कारकुनाला बाहेर पाठवलं. आणि त्या खुर्चीत मागे टेकल्या.

"हे बघा," त्या मिलीग्रॅमला म्हणाल्या, आता घरच्या आवाजात, "तुमच्या अपिलातला सातवा मुद्दा. तुम्हाला नोटीस दिली नाही, ऐकून घेतलं नाही. तेवढ्यावर मी हा आदेश आत्ता रद्द करते. परवाना परत. उद्यापासून दुकान उघडा. बाकी काट्याचं, वजनांचं, या लाखेचं काही लिहायची गरजच नाही. तुमचंही भलं, यांचंही, खात्याचंही. ही लाख घेऊन घरी जा."

भाची कानाशी लागली, "काका, घ्या. जिंकलोय आपण."

"आणि वजनं बरोबर होती, हे?"

"ते लिहिलं जाणार नाही."

"मग मी कोर्टात जाईन. आता तर अपीलही झालं."

"काय मागायला? परवाना मिळाला की तुमची तक्रार संपली. जिंकलेल्या माणसाला कोर्ट आत घेत नाही, काका."

मिलीग्रॅम उभाच राहिला. उद्या दुकान उघडलं असतं. आणि बाजार काय म्हणाला असता? नोटीस दिली नव्हती म्हणून सुटला. कागदातल्या फटीतून निसटला. दोन ग्रॅम तसेच राहिले असते, त्याच्या नावापुढे, कायमचे. किराणावाल्याच्या दुकानातल्या बायकांनी मूठभर वर मागितलंच असतं.

"मॅडम," तो म्हणाला, "वजनांचं लिहा."

"लिहिलं तर ती आज बरोबर का भरली हेही लिहावं लागेल. म्हणजे तुमचं नखही लिहावं लागेल. परवाना परत देईन, पण या भंगासाठी तीन महिने निलंबित करावा लागेल. त्याहून कमी मला करता येत नाही. विचार करा. यांना विचारा," त्यांनी बायकोकडे बोट केलं.

सगळ्यांनी बायकोकडे पाहिलं. रात्रभर उभं राहून तिचे पाय सुजले होते, डोळे लाल होते, आणि आणखी तीन महिने हा माणूस घरात बसणार या कल्पनेने कोणाचीही वाचा गेली असती. तिची गेली नाही.

"लिहा, मॅडम," ती म्हणाली. "तीन महिने हा माझं डोकं खाईल, ते मी बघून घेईन. पण हे लिहिलं नाही ना, तर हा जेवायचा नाही. तीन महिने झाले, याच्या ताटात मी अर्धं वाढते आणि त्यातलं अर्धं उचलते."

मॅडमनी पेनाचं टोपण काढलं.

आदेश अकराव्या दिवशी टपालाने आला, चार पानांचा. बायको नुकतीच कामावरून आली होती आणि दाराशी बसून बुटांच्या नाड्या सोडत होती. मिलीग्रॅमने पहिलं पान उलटलं, दुसरं उलटलं. निलंबनाचं चौथ्या पानावर होतं, तिकडे तो गेलाच नाही. तिसऱ्या पानाच्या मध्यावर त्याचं बोट थांबलं आणि त्याने मोठ्याने वाचलं, "अपीलदाराने दुरुस्त केलेली सहाही वजने तपासणीत अचूक आढळली."

एवढं वाचताना त्याचा आवाज दोनदा फुटला. बायकोच्या हातातली नाडी तशीच राहिली.

"परत वाचा," ती म्हणाली.